पंगतीतला लाडू, अकरा वेळा

चाचांच्या दुकानातल्या प्रत्येक कॅसेटच्या खोक्यात एक चिठ्ठी असायची. वहीचं पान फाडून चौकोनी घडी घातलेली, अक्षर निळ्या शाईचं. नवरानवरीची नावं खोक्यावर असायची, चिठ्ठीवर फक्त वेळ. इतक्या मिनिटापासून इतक्या मिनिटापर्यंत, आणि खाली एक ओळ: हे दाखवायचं नाही.

चाचा म्हणजे मंगरूळपीरचे जुने व्हिडिओ शूटिंगवाले. तालुक्यात लग्नाची कॅसेट म्हटलं की तेच, असा एक काळ होता. खांद्यावर कॅमेरा, कमरेला बॅटरी आणि मागे हॅलोजन धरून त्यांचा मेहुणा. शूटिंगची मूळ कॅसेट ते स्वतःकडे ठेवत आणि तिच्यावरून दुसरी उतरवून, वर सनई चढवून, लग्नघरी देत. या दोन कॅसेटींच्या मधल्या आठपंधरा दिवसांत लोक गुपचूप दुकानात येत. कुणाचा काका पिऊन वरातीत लोळलेला असे. कुणाची नणंद वहिनीला चिमटा काढताना सापडलेली असे. एक नवरी तर पाठवणीच्या वेळी भलत्याच माणसाकडे बघून रडली होती. एवढं तेवढं काढून टाका, असं लोक म्हणत, आणि चाचा कारण न विचारता काढून टाकत. मूळ कॅसेटमध्ये ते राहायचंच. म्हणून चिठ्ठी. पुढे कुणी अजून एक प्रत मागितली तर चुकून जायला नको.

मी पुण्यात संकलन शिकलो आणि मुंबईत नऊ वर्षं मालिका कापल्या. निर्माता सांगेल त्या सुनेला ठेवायचं, सांगेल त्या सासूला उडवायचं. पुढे माझ्या डोक्यात कला शिरली. जुन्या, टाकून दिलेल्या चित्रफिती गोळा करायच्या, त्यांतले तुकडे उचलायचे, उलटसुलट जोडायचे, तेच ते पुन्हा दाखवायचं, अशा फिल्म करणारी माणसं जगात आहेत आणि आपण त्यांतले आहोत असा मला साक्षात्कार झाला. नोकरी सोडून मी मंगरूळपीरला आईकडे येऊन बसलो. फिल्म करतोय म्हटल्यावर आई म्हणाली, "कोनाचं लगन हाय?"

चाचांच्या दुकानात आता झेरॉक्स आणि मोबाईलची कव्हरं आहेत. कॅसेटी मागच्या खोलीत तीन पोत्यांत पडल्या होत्या. मी मागितल्या, तेव्हा त्यांना मनापासून हसू आलं.

"घिऊन जा बेटा, कचराच हाय तो. पण चिठ्ठी वाचत जाय. जे लिवलं हाय ते दाखवाचं नाई. म्या लोकायले जबान देली हाय."

मी मान हलवली. मान हलवायला मी नेहमीच तयार असतो.

अकोल्याच्या भंगारात एक व्हीसीआर मिळाला. कॅसेटींना बुरशी लागली होती, ती स्पिरिटच्या बोळ्याने पुसायची, फीत हाताने गुंडाळायची, मग लावायची. दोन महिने मी दुसऱ्यांची लग्नं बघितली. सांगतो, मरणाचा कंटाळा. तीच हळद, तोच अंतरपाट, तोच व्याह्यांचा नारळ, आणि सगळे कॅमेऱ्यासमोर शहाण्यासारखे उभे. एका दुपारी वैतागून मी पहिली चिठ्ठी उघडली आणि तिच्यावरच्या वेळेला फीत नेऊन लावली. स्वतःच्याच मेहुण्याच्या थोबाडीत मारणारा नवरदेव दिसला. मी ताडकन उठून बसलो. दुसरी चिठ्ठी उघडली, तिसरी उघडली. चिठ्ठ्या पाहायच्या त्या कुठलं वगळायचं हे कळावं म्हणून, आणि मी त्यांचाच नकाशा केला. चाचांनी वीस वर्षं ज्याच्यावर हात ठेवला होता तेवढंच मी उचललं. त्या तीन पोत्यांत जे काही जिवंत होतं ते एवढंच होतं, हे आजही मी छातीवर हात ठेवून सांगेन. माझी नजर चुकली नव्हती. बाकी सगळं चुकलं.

पंगतीचा तुकडा त्यातच मिळाला. आमच्याकडे लग्नाच्या कॅसेटमध्ये पंगत लागतेच, आणि कॅमेरा एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत एकेका तोंडावरून जातो. हॅलोजनचा उजेड अंगावर आला की माणसं घास तोंडात धरून थांबतात, बाया पदर ओढतात. ही पंगत आसेगावच्या अलीकडच्या एका खेड्यातल्या पाटलाघरच्या लग्नाची होती. ओळीत एक पस्तिशीची काळीसावळी बाई. हिरवं लुगडं, मनगटावर गोंदलेलं तुळशीचं झाड. वाढप्याने तिच्या पत्रावळीवर बुंदीचा लाडू ठेवला. तिने त्याची चिमूट मोडून तोंडात टाकली. डावीकडे बघितलं, उजवीकडे बघितलं. उरलेला लाडू मांडीवर गेला, मांडीवरून पदरात, आणि एका हाताने पदराला गाठ बसली. त्याच क्षणी उजेड तिच्यावर आला आणि तिने वर पाहिलं. मोटारसायकलच्या दिव्यात अचानक सापडलेली गाय बघते तशी. बावीस सेकंद.

मी ती बावीस सेकंद अकरा वेळा लावली. अकराच का, तर आहेराला शुभ असतो तो आकडा, आणि मला त्यात मोठा उपरोध दिसला होता. दर वेळी जरा सावकाश, दर वेळी हात जरा मोठा, शेवटी फक्त डोळे. पुण्यात एका कलासंस्थेने ठेवलेल्या प्रयोगात लोक पहिल्या तीन वेळा हसले, चौथ्यापासून गप्प झाले आणि संपल्यावर उभे राहून टाळ्या वाजवू लागले. एका मुलीने विचारलं, या बाईंची परवानगी घेतली का? मी उत्तर दिलं, "संग्रहातली माणसं सगळ्यांचीच असतात." यालाही टाळ्या पडल्या. ते गाव माझ्या घरापासून अर्ध्या तासावर आहे आणि ती बाई बहुधा या क्षणी तिथे भाकरी थापत असेल, हे मी सांगितलं नाही. कुणी विचारलंही नाही म्हणा.

पुण्याच्या त्या संस्थेला नंतर वाटू लागलं की फिल्म जिथली आहे तिथे ती दाखवली पाहिजे. लोकांचं लोकांना परत, असं काहीतरी. गावकरी फिल्म बघतानाचे फोटोही हवे होते. मी लगेच तयार झालो. सरपंचांना भेटलो, समाजमंदिर ठरवलं आणि गावाच्या फाट्यावर फ्लेक्स लावला. फ्लेक्सवर मी घातलं ते चित्र म्हणजे तो हात. चेहरा नाही. हात, अर्धा लाडू, पदराची गाठ आणि मनगटावरची तुळस. मला ते चित्र फार सुंदर वाटलं होतं. चेहरा दाखवला नाही म्हणजे आपण सभ्य, असंही वाटलं होतं. त्या गावात ते मनगट सगळ्यांच्या ओळखीचं आहे, हे माझ्या टाळक्यात शिरलं नाही.

खेळाच्या दोन दिवस आधी सकाळी ती आमच्या दारात उभी राहिली. साठीच्या पुढची, वाळलेली, डोक्यावरून पदर. पायऱ्या चढून दम लागला होता. आईने खुर्ची दिली तर आधी खालीच बसली, मग आईच्या आग्रहाने खुर्चीच्या काठावर.

"फिल्लमवाले तुमीच काय?"

मी हो म्हणालो.

तिने मनगट पुढे केलं. "तो हात माया हाय."

सांगायला लाज वाटते, पण मला आधी आनंदच झाला. उकळ्या फुटल्या. संग्रहातलं माणूस चालत घरी आलं! मी विचारलं, "मावशी, तुम्ही बोलाल ते रेकॉर्ड केलं तर चालेल?" तिने माझ्याकडे असं बघितलं की मी फोन खिशात ठेवला.

"पोरीले ताप होता," ती म्हणाली. "पाटलाच्या लग्नात लाडू हाय हे तिले मालूम होतं. दोन दिसापासून लाडूलाडू करून राह्यली होती. पंगतीत बसून दहा खा, कोनी बोलत नाई. पण घरी नेला एक, तं ते चोरी. आमच्या गावात असंच हाय. म्या बांधला, अन् तेवढ्यात त्यायचा लाइट आला."

लग्नाच्या दुसऱ्याच दिवशी पहिल्या गाडीने ती मंगरूळपीरला आली होती. चाचांच्या दुकानात एवढंच म्हणाली होती, मले काढून टाका. चाचांनी काढून टाकलं होतं.

"मंग साऱ्या गावानं पाटलाच्या घरी बसून कॅसेट पाह्यली. माह्यापाशी आली अन् उडी मारून पल्याडच्या बाईवर गेली. बाया म्हणे, तू कुठं होती वं? म्या म्हटलं, भांडे घासून राह्यली होती." ती जराशी हसली. "साऱ्या गावात मीच एक नाई त्या कॅसेटमंदी. पण बरं वाटलं मले. आता भाऊ, तुमी बी काढून टाका."

तिला काय हवं होतं ते यापेक्षा सोप्या शब्दांत कुणी सांगू शकणार नाही. आणि मला काय करायला हवं होतं? संगणक उघडायचा, बावीस सेकंदांचे अकरा तुकडे निवडायचे, एक बटण दाबायचं. चहा निवायच्या आत झालं असतं. मुंबईत एका फोनवर मी अख्खी आत्या उडवलेली आहे.

त्याऐवजी मी भाषण दिलं. मावशी, यात तुमची चेष्टा नाही. उलट तुमच्या भुकेची, तुमच्या मायेची ही गोष्ट आहे. फिल्मचा जीवच तुमच्यात आहे. पुण्यातले लोक उभे राहिले तुमच्यासाठी. यात तुमची इज्जत आहे.

ती सगळं नीट ऐकून घेत होती. शाळेतल्या सरांचं ऐकावं तसं. मग म्हणाली, "इज्जत मायीच हाय ना? मंग मले काहून देऊन नाई राह्यले?"

मग मी खोटं बोललो. फिल्म आता बनून गेली आहे म्हणालो, तिच्यात हात घालता येत नाही.

"चाचानं तं एका दुपारीत केलं होतं."

"ती कॅसेट होती, मावशी. हे कॉम्प्युटरचं आहे. हे होत नाही."

तिने विश्वास ठेवला. मला शिव्या घातल्या असत्या, पाय धरले असते, तर कदाचित मी वितळलो असतो, असं मी नंतर स्वतःला पुष्कळ वेळा सांगितलं. पण तिने नुसती मान डोलावली. कॉम्प्युटरचंच तसं असेल, तर त्याला हा पोरगा तरी काय करणार, अशी. जाताना आईला म्हणाली, "चहा गोड होता वं बाई." आईने मला दिवसभर कापताना आणि जोडताना पाहिलेलं आहे. तिने कपबशी उचलली आणि आत निघून गेली, माझ्याकडे न बघता.

खेळ भर दुपारी होता. समाजमंदिराच्या खिडक्यांना ताडपत्र्या बांधून अंधार केला होता, आत उकडून जीव चालला होता, पण गाव लोटलं होतं. ती आली होती. बायांच्या पहिल्या रांगेत बसली होती. फ्लेक्स लागल्यापासून गावात कुजबुज सुरू झाली होती, तेव्हा न येणं म्हणजे कबुली देणं होतं. माझ्या ते बरोबर लक्षात आलं होतं, आणि तरी मी बटण दाबलं.

पहिली काही मिनिटं लोक वेडे झाले. मेलेली माणसं पडद्यावर जेवत होती. "अबे, हा तं आपला आबा!" कुणी रडलं, कुणी शिट्टी मारली. मग पडद्यावर ती आली. पहिल्या वेळी सगळे चूप. दुसऱ्या वेळी मागून कुणीतरी तिचं नाव घेतलं. तिसऱ्या वेळी हशा उठला. पुण्यात चौथ्या वेळी शांतता झाली होती, म्हणून मी शांततेची वाट बघत होतो. इथे चौथ्या वेळी मागची पोरं मोजायला लागली. चार! मग म्हातारेही. पाच! सहा! दर खेपेला गाठ बसली की अख्खं समाजमंदिर एका सुरात ओरडायचं. कबड्डीच्या सामन्याला गुण ओरडतात तसं. माझी फिल्म सावकाश होत जाते, त्यामुळे पुढच्या आकड्याची वाट बघायला त्यांना भरपूर वेळ मिळत होता. अकरा म्हटल्यावर टाळ्या पडल्या.

ती उठली नाही, रडली नाही. तोंडाला पदर लावून पडद्याकडेच बघत राहिली. शेजारची बाई हसता हसता तिच्या मांडीवर थापा मारत होती. आणि मी कोपऱ्यात उभा राहून फोटो काढत होतो. फोटो चांगले आले. हसणारे दात, घामेजलेले चेहरे, मध्ये एक पदर. संस्थेने ते आपल्या अहवालात छापले आणि खाली लिहिलं, गावकऱ्यांचा उत्स्फूर्त प्रतिसाद.

चौथ्या दिवशी चाचा घरी आले. त्यांना दोन वर्षांपासून गुडघ्याचा त्रास आहे, कुठे जात नाहीत. आरडाओरडा करतील म्हणून मी तयार होतो. काय काय बोलायचं तेही ठरवून ठेवलं होतं. ते दारातच उभे राहिले.

"चिठ्ठ्या दे."

"कॅसेटी पण नेता का, चाचा?"

"कचरा तू ठेव. चिठ्ठ्या माह्या हाय."

मी त्या एका फळीवर ओळीने चिकटवल्या होत्या. पुढच्या प्रदर्शनात लावायच्या होत्या. त्यांच्यासमोर एकेक सोडवून दिली. काही फाटल्या. त्यांनी फाटलेलेही तुकडे वेचून घेतले, टोपीत ठेवले आणि गेले. जाताना म्हणाले, "वीस वर्सं म्या हे लपवत बसलो, तवा मी येडाच असीन." ते रागात बोलले असते तर मला सोपं गेलं असतं.

हनुमान जयंतीला त्याच गावच्या भंडाऱ्याचं मला सरपंचांचं आमंत्रण आलं. आता मी तिथला पाहुणा होतो, मला टॉवेलटोपी मिळाली. पंगत देवळापुढच्या मांडवात होती. ती माझ्या समोरच्या ओळीत, तीन माणसं सोडून बसली होती. देवाच्या पंगतीला नाही कसं म्हणणार? वाढपी बुंदीच्या लाडवांची पाटी घेऊन आला. सगळ्यांना एकेक वाढत तिच्यापाशी थांबला आणि एकामागून एक चार ठेवले.

"घे मावशे, एक खाय अन् तीन बांध. कॅमेरा नाई आज."

अख्खी ओळ पोट फुटेस्तोवर हसली. कुणीतरी "एक!" असं ओरडलं. वाढपी खुशीत पुढे सरकला. त्याच्या मनात काही वाईट नव्हतं, असंच आता तिला सगळे चिडवतात, नातवंडांना सुद्धा शाळेत लाडू म्हणतात.

आणि माझा हात खिशात गेला. मी ठरवून गेलो नव्हतो, देवाशपथ. फोन बाहेर आला, समोर धरला गेला, आणि लाल ठिपका लागला.

तिने वर पाहिलं. पण या वेळी ती गाईसारखी थांबली नाही. थेट माझ्याकडे बघत तिने एक लाडू उचलला, मांडीवर पदर पसरला आणि सगळ्या गावाच्या देखत त्यात ठेवला. मग दुसरा, तिसरा, चौथा. हशा कमी होत गेला. तिने दोन्ही हातांनी गाठ मारली, ओढून बघितली.

"नीट काढा भाऊ," ती म्हणाली. "अन् एकदाच दाखवजा. अकरा खेपा कायले लागते?"

मग पानावर भात तसाच टाकून, पंगत उठायच्या आधी ती उठली आणि मांडवाबाहेर गेली. भर पंगतीतून असं कुणी उठत नाही.

क्लिप अडतीस सेकंदांची आहे. उजेड चांगला आहे, आवाज स्वच्छ. घरी आल्यावर मी एका कागदावर लिहिलं, हे दाखवायचं नाही, आणि तो फोनच्या कव्हरमध्ये घातला. महिनाभर राहिला. परवा मी ती क्लिप संगणकावर घेतली, फक्त बघायला म्हणून, आणि मग कापायला बसलो. गाठीवर थांबायचं की पंगतीतल्या तिच्या रिकाम्या जागेवर, ते अजून ठरत नाही. आई मागे येऊन उभी राहिली, थोडा वेळ बघितलं आणि आत गेली. सध्या ती बाई तीन वेळा उठते.